सहावं प्रकरण

कृषी अर्थशास्त्र संशोधन विभागात तिला सगळे ‘तळटीप’ म्हणत. तोंडावर बाई, पाठीमागे तळटीप. कारण कुठलंही विधान ती मोकळं सोडत नसे. ‘उत्पादन वाढले’ असं कुणी लिहिलं की ती खाली बारीक अक्षरात जोडायची : कुठे वाढलं, कुणाचं वाढलं, आणि त्या वर्षी पाऊस कसा होता. विभागातला एक सहकारी म्हणायचा, ‘‘बाईंना कुणी मागणी घातली असती तर त्यांनी होकाराखाली अटी छापल्या असत्या.’’ लग्न तिचं झालंच नव्हतं. हा विनोद फिरत फिरत तिच्या कानावर आला तेव्हा ती हसली, आणि मग बराच वेळ तिला काम सुचलं नाही.

ही सवय तिला सरांनी लावली होती. सर म्हणजे विद्यापीठातले तिचे मार्गदर्शक. त्यांचं मोठं पुस्तक पिवळ्या कापडी बांधणीचं होतं, म्हणून विभागात त्याला नुसतं ‘पिवळं पुस्तक’ म्हणत. सरांनी त्यात दाखवून दिलं होतं की लहान शेतकरी मार खातो तो पीक कमी येतं म्हणून नव्हे, तर काढणी झाल्या झाल्या विकावं लागतं म्हणून. धान्य ठेवायला जागा मिळाली आणि ठेवलेल्या धान्याच्या पावतीवर थोडी उचल मिळाली, की तो थांबू शकतो. आणि थांबू शकणाऱ्या माणसाला व्यापारी भाव पाडून मागत नाही. सरकारने ते पुस्तक वाचलं, निदान तेव्हाच्या सरकारात कुणीतरी वाचलं, आणि गावोगावी धान्याची गोदामं उभी राहिली. पुस्तकातून विटा-सिमेंट उभं राहिल्याचं हे एकच उदाहरण तिने पाहिलं होतं. त्या एका उदाहरणाच्या जोरावर ती या पेशात आली होती.

‘‘वाक्य लिहिलंस की स्वतःला विचार,’’ सर शिकवायचे, ‘‘हे कुणाच्या बाबतीत खोटं ठरेल? ज्याच्या बाबतीत खोटं ठरेल त्याची नोंद खाली झालीच पाहिजे. नाहीतर तो माणूस तुझ्या पुस्तकात मेला असं समज.’’

सर निवृत्त झाले, सरकारं बदलली, आणि एक दिवस मंत्रालयातून विचारणा आली : या गोदामांची आता गरज उरली आहे का? संचालकांनी अभ्यास तिच्याकडे सोपवला. ‘‘तुमच्याइतकं काटेकोर दुसरं कोण आहे?’’ ते म्हणाले. ते कौतुक होतं की टोमणा, हे त्यांच्या चेहऱ्यावरून कधीच कळत नसे.

दोन हंगाम ती हिंडली. मोठ्या रस्त्याकाठच्या गावांत तिला जे दिसलं त्याने ती आधी चक्रावली. गोदामं रिकामी होती. एका गोदामात मोडक्या खुर्च्या होत्या, एकात कुणाचा तरी ट्रॅक्टर. धान्य न्यायला ट्रक थेट शेताच्या बांधावर येत होते, एका गावात तीन-तीन व्यापारी, आणि शेतकरी तिघांना खेळवून भाव घेत होते. ‘‘गोदामात नेऊन टाकायचं, उंदरांना पोसायचं, कशाला बाई?’’ एकाने तिला विचारलं. सरांचं पुस्तक इथे जुनं झालं होतं.

मग ती नदीपलीकडे गेली.

तिथे तिची सख्खी थोरली बहीण राहत होती. दाजी तिथल्याच गोदामाचे गोदामपाल, आणि गोदामाला लागून दोन खोल्यांचं त्यांचं घर. नदीवर पूल नव्हता. नावेने जायचं, तीही पाणी चढलं की बंद. पलीकडच्या साऱ्या गावांना व्यापारी एकच, कारण धान्य वाहायची मोठी नाव त्याची. काढणीच्या दिवसांत त्या गोदामात उभं राहायला जागा नसे. पोती छताला टेकलेली, दाराबाहेर बैलगाड्या, आणि दाजी अंगभर भुसा घेऊन पावत्या फाडत असलेले. तिथे गोदाम होतं म्हणून त्या एकट्या व्यापाऱ्याला बऱ्यापैकी भाव द्यावा लागत होता.

‘‘ताई, तुमच्याकडे उतरले म्हणून मी तुमच्या बाजूने लिहिलं असं कुणी म्हणायला नको,’’ ती पहिल्याच रात्री बहिणीला म्हणाली, आणि दुसऱ्या दिवशी पुढच्या गावच्या शाळेत मुक्कामाला गेली. ताईला राग आला. सख्खी बहीण दाराशी येऊन शाळेच्या बाकावर झोपते, हे गावाला काय सांगायचं?

अहवालाची पहिली पाच प्रकरणं रस्त्याकाठच्या गावांची झाली आणि सहावं नदीपलीकडचं. निष्कर्ष तिने सहाव्यातच लिहिला, कारण दोन्ही बाजू शेजारी शेजारी ठेवल्याशिवाय तो लिहिता येत नव्हता. रस्त्याकाठची बहुतेक गोदामं बंद केली तरी कुणाचं नुकसान नाही. पण जिथे रस्ता नाही, पूल नाही, खरेदीदार एकच आहे, तिथली गोदामं हलवू नयेत. उलट रस्त्याकाठची बंद करून वाचेल ते तिकडे दुरुस्तीला लावावं. सरांना आवडेल की नाही हे तिला माहीत नव्हतं. पण त्यांनी शिकवलं तसंच तिने लिहिलं होतं.

अहवाल प्रकाशन शाखेत गेला. तिथले अधिकारी हसतमुख होते, आणि जाडजूड अहवाल पाहिला की ते आधी पानं मोजत. ‘‘बाई, एवढं कोण वाचतं? मंत्र्यांना बारा पानं लागतात. चित्रं लागतात.’’

बारा पानांची प्रुफं आली. मुखपृष्ठावर हसणारी शेतकरीण, हातात कणसं. पहिलं वाक्य : ‘निम्म्याहून अधिक शासकीय गोदामे रिकामी असल्याचे आढळून आले.’ वाक्य खरं होतं. तिच्याच पाचव्या प्रकरणातून उचललेलं. सहावं प्रकरण मात्र कुठेच नव्हतं. शेवटच्या पानावर तळाशी एक ओळ होती : ‘दुर्गम भागातील निरीक्षणे विभागीय ग्रंथालयात पाहावयास मिळतील.’

ती प्रुफं घेऊन त्यांच्या टेबलाशी गेली. ‘‘निष्कर्ष सहाव्यात आहे. तुम्ही निष्कर्षच काढून टाकलाय.’’

‘‘काढला नाही, ग्रंथालयात ठेवलाय.’’

‘‘हे वाचून कुणालाही वाटेल, सगळी गोदामं बंद करा.’’

‘‘तसं कुठे लिहिलंय? दाखवा बरं.’’ त्यांनी प्रुफं तिच्याकडे सरकवली. तसं खरंच कुठे लिहिलं नव्हतं.

ती संचालकांकडे गेली. त्यांनी शांतपणे ऐकून घेतलं. ‘‘तुमचं आणि प्रकाशन शाखेचं मी कशाला सोडवू? समीक्षा समिती आहे ना. मूळ अहवाल आणि पुस्तिका, दोन्ही त्यांच्याकडे पाठवतो. अध्यक्ष कोण आहेत माहीत आहे? तुमचेच सर.’’

तिच्या मनावरचा भार उतरला. सर बघतील म्हणजे प्रश्नच मिटला. सर एकेक ओळ बोटाने वाचायचे. तिच्या प्रबंधातला एक चुकलेला स्वल्पविरामही त्यांनी सोडला नव्हता. त्यांना फोन करावा असं तिला वाटलं, पण समीक्षकावर दबाव नको म्हणून तिने केला नाही.

समितीचा गोपनीय अभिप्राय आला : पुस्तिका प्रकाशनास योग्य, दुरुस्ती नाही.

तिला धक्का बसला. मग ती विचार करत राहिली. सरांनी वाचून ठीक म्हटलंय, म्हणजे आपणच उगाच ताणतोय का? सहा महिने त्या एका प्रकरणात राहिल्याने आपल्याला तेवढंच मोठं दिसतंय का? शेवटी बहीण तिथे आहे. आपला तराजू तिकडे झुकला असेल. तिने प्रुफांवर सही केली.

पुस्तिका निघाली. मंत्र्यांनी ती सभागृहात उंच धरून दाखवली, आणि महिन्याभरात आदेश आला : धान्य साठवणुकीची सर्व शासकीय गोदामे टप्प्याटप्प्याने बंद. सर्व. सुक्याबरोबर ओलंही जळालं.

ताईचा फोन आला. ती रडत नव्हती. ‘‘इथे कागद लागलाय दारावर. खाली आधार म्हणून तुझं पुस्तक लिहिलंय. तुझं नाव आहे गं त्याच्यावर.’’

‘‘ताई, मी तसं लिहिलेलं नाही.’’

‘‘मग नाव कशाला दिलंस?’’

मागे दाजींचा आवाज ऐकू आला, ‘‘अगं, तिला काय बोलतेस, तिच्या हातात काय आहे?’’ ते समजूतदारपणे बोलले, याचाच तिला जास्त त्रास झाला.

आदेशाविरुद्ध सभा भरली. शहरातलं मोठं सभागृह, बाहेर ट्रकांची रांग, आणि व्यासपीठावर सर. वय झालं होतं, पण आवाज तसाच होता. ती मागच्या रांगेत बसली होती. सर गोदामांबद्दल बोलले, लहान शेतकऱ्याबद्दल बोलले, लोक ऐकत राहिले. मग ते थांबले आणि म्हणाले, ‘‘दुःख एवढंच आहे की हा अहवाल लिहिणारी माझी विद्यार्थिनी आहे. कुऱ्हाडीचा दांडा गोतास काळ म्हणतात तो असा. मी तिला मोजायला शिकवलं. माणूस कसा बघायचा, ते शिकवायचं राहून गेलं.’’

टाळ्या पडल्या. शेजारच्या खुर्चीतल्या बाईंनी तिला विचारलं, ‘‘कोण हो ती? तुम्हाला माहीत आहे?’’ ती उठून बाहेर आली.

दुसऱ्या दिवशी तिने संचालकांना विचारलं, ‘‘सरांनी अभिप्रायात नक्की काय लिहिलं होतं?’’

‘‘काय लिहितील? पाकीट गेलं तसंच परत आलं. चिकटपट्टीसुद्धा फोडलेली नव्हती. वर सहीचा कागद टाचलेला होता, त्यावर सही.’’ संचालक दुसऱ्या फायलीत बघत बोलत होते. ‘‘मोठी माणसं. त्यांना कुठे वेळ असतो?’’

संध्याकाळी ती सरांच्या घरी गेली. दार त्यांनीच उघडलं. खिडकीपाशी तीच आरामखुर्ची, तोच लांब मानेचा वाचायचा दिवा. तिला पाहून ते ओशाळले नाहीत. ‘‘ये. मला वाटलंच होतं तू येशील. रागावली असशील.’’

‘‘सर, तुम्ही अहवाल वाचला होतात?’’

‘‘कुठला?’’

‘‘ज्यावर काल बोललात. ज्यावर समितीत सही केलीत.’’

सर खुर्चीत बसले. बराच वेळ ते दिव्याची मान वरखाली करत राहिले. ‘‘समितीकडे महिन्याला दहा अहवाल येतात,’’ ते म्हणाले. ‘‘पाकिटावर तुझं नाव पाहिलं. म्हटलं, हिचं आहे म्हणजे बघायला नको. बाकीच्यांची तरी वाचतो मी. तुझंच वाचलं नाही. विश्वास होता म्हणून.’’

‘‘आणि कालचं भाषण?’’

‘‘पेपरात आलं होतं त्यावरून केलं.’’

ती मूळ अहवाल बरोबर घेऊन गेली होती. तिने सहावं प्रकरण उघडून त्यांच्या मांडीवर ठेवलं. सरांनी चष्मा बदलला आणि वाचायला घेतलं, पूर्वीसारखंच, ओळीखालून बोट फिरवत. खोलीत पानांचा आवाज तेवढा होता. तिला मध्येच असं वाटून गेलं की आपण पुन्हा विद्यार्थिनी आहोत, आणि आता ते चूक काढतील. त्यांनी काढली नाही. वाचून झाल्यावर त्यांनी अहवाल मिटला.

‘‘चांगलं आहे,’’ ते म्हणाले. ‘‘माझ्यापेक्षा चांगलं आहे.’’

‘‘मग हे सगळ्यांना सांगा. पुढची सभा रविवारी आहे. हे प्रकरण वाचून दाखवा. सही न वाचता केली होती, एवढंच सांगा.’’

सरांनी अहवाल तिच्या हातात परत दिला. ‘‘आणि मग? लोक म्हणतील, म्हाताऱ्यानेच पास केलं आणि म्हातारा बोंब मारतोय. मंत्री माझी सही नाचवतील. आज या लढ्यात माझ्या नावाशिवाय काय आहे, सांग. ते नाव गेलं की तुझ्या नदीपलीकडच्यांचंही काही राहत नाही. शिवाय यात तू निम्मी गोदामं बंद करा म्हणतेस. सभेला येतात ते सगळे रस्त्याकाठचे आहेत. त्यांच्यासमोर हे वाचू?’’

‘‘पण ते खरं आहे ना, सर?’’

‘‘खरं आहे. पण आत्ता कुणाच्या कामाचं नाही.’’

ती उठली. दारापर्यंत पोचवायला सर आले. ‘‘माझ्यावर रागावू नकोस,’’ ते म्हणाले. तिला वाटलं, चिडावं, काहीतरी बोलावं. पण आपलेच दात, आपलेच ओठ. ‘‘काळजी घ्या,’’ एवढंच तोंडातून निघालं, आणि जिना उतरताना त्या दोन शब्दांची तिला शरम वाटली.

ती काहीच बोलली नाही असं नाही. सहाव्या प्रकरणाच्या प्रती काढून तिने लढ्यातल्या एका पुढाऱ्याला दिल्या. त्याने चाळून परत केल्या. ‘‘बाई, तुम्ही कुणाच्या बाजूच्या? सरकारच्या की आमच्या?’’ एका वर्तमानपत्राच्या संपादकाने आठवडाभर प्रत ठेवून घेतली आणि म्हणाला, बातमी एका ओळीत बसत नाही. सरांच्या सहीबद्दल मात्र ती कुणालाही बोलली नाही. त्यांच्या म्हणण्यातलं एक तिला पटलं होतं : त्यांचं नाव पडलं तर लढा पडेल, आणि लढा पडला तर दाजींचं गोदामही जाईल. विभागात लोक तिच्याशी जपून बोलू लागले. कॅन्टीनमध्ये कुणीतरी कुऱ्हाडीवरून काही बोललं आणि ती आल्यावर गप्प झालं. हे सगळं तिने सोसलं, कारण सोसण्याचा काहीतरी उपयोग होणार होता.

शेवटी मंत्र्यांनी शिष्टमंडळाला भेट दिली. रस्त्याकाठच्या गावांतून माणसं ट्रक भरभरून आली. गोदामं रिकामी असली तरी त्यांची जमीन मोक्याची होती, नोकऱ्या आपल्या माणसांच्या होत्या, आणि निवडणूक जवळ होती. नदीपलीकडचे आले नाहीत. पाणी चढलं होतं, नाव बंद होती. जे दोघे-तिघे लांबच्या वळणाने निघाले ते पोचले तेव्हा बैठक संपून चहाचे कप उचलणं चाललं होतं.

निर्णय जाहीर झाला. शासनाने जनभावनेचा आदर केला. मोठ्या रस्त्यालगतची सर्व गोदामं कायम राहतील, त्यांना नवा रंग दिला जाईल. दुर्गम भागातली, देखभालीस परवडत नसल्याने, ठरल्याप्रमाणे बंद होतील.

तिने जे सांगितलं होतं, त्याच्या नेमकं उलट. कुणी मुद्दाम केलं असतं तरी इतकं चोख जमलं नसतं.

सरांनी वर्तमानपत्रात लिहिलं की हा लहान शेतकऱ्याचा विजय आहे. पिवळ्या पुस्तकाची नवी आवृत्ती निघाली. त्या आवृत्तीच्या प्रस्तावनेत लढ्याची हकिगत होती, आणि नदीचा उल्लेख नव्हता.

पाणी ओसरल्यावर ती ताईला आणायला गेली. गोदामाबरोबर त्या दोन खोल्याही सरकारजमा होत होत्या. सामान फारसं नव्हतं. दाजी तिथेच राहिले. व्यापाऱ्याने त्यांना मापाडी म्हणून ठेवलं होतं, आणि झोपायला आपल्या पडवीत एकट्यापुरती जागा दिली होती. काल ज्यांचं धान्य ठेवून घेत होते, आज त्यांचंच धान्य व्यापाऱ्याच्या नावेत मोजून टाकायचं. ‘‘आता काय भाव देतोय?’’ तिने विचारलं. दाजींनी सांगितला. तो भाव सहाव्या प्रकरणात होता. गोदाम नसेल तर किती मिळेल, याचा तिने अंदाज बांधला होता. तिचा अंदाज बरोबर आला होता.

नावेत ताई तिच्यासमोर, गाठोड्यावर बसली. ‘‘तुझ्या त्या सरांनी भर सभेत तुला नावं ठेवली, तू चारचौघांत काही बोलली नाहीस?’’

‘‘नाही.’’

‘‘का?’’

‘‘वाटलं, त्यांचं नाव राहिलं तर तुमचं गोदाम राहील.’’

ताई पाण्याकडे बघत होती. ‘‘आम्हाला विचारायचंस तरी,’’ ती म्हणाली. ‘‘आमच्यासाठी गप्प बसायचं ते आम्हाला विचारून बसायचं.’’

ताई तिच्या घरी राहू लागली. दाजी महिन्यातून एकदा येत, सोफ्याच्या कडेवर बसत, आणि परत जात. बहिणी बहिणी भांडल्या नाहीत. ताई स्वयंपाक करायची, ती भाजी आणायची, आणि बोलणं गॅस, पाणी, दूध एवढ्यावरच राहायचं.

वर्षभराने कृषी अर्थशास्त्रातल्या योगदानाबद्दल सरांना शासनाचा मोठा सन्मान मिळाला. संचालकांनी परिपत्रक काढलं : विभागातल्या सर्वांनी समारंभाला उपस्थित राहावं. ती गेली. मंत्र्यांनी सरांना मानपत्र दिलं, फोटो निघाले. सरांनी भाषणात आपल्या विद्यार्थ्यांचे आभार मानले आणि म्हणाले, त्यांच्याकडून मी खूप शिकलो. बोलताना त्यांची नजर सभागृहात फिरत होती. तिच्यापाशी ती थांबली की नाही, हे तिला कळलं नाही.

घरी आली तेव्हा ताई कपड्यांच्या घड्या घालत होती.

‘‘झाला समारंभ?’’

‘‘झाला.’’

‘‘टाळ्या वाजवल्यास?’’

ती पर्स टेबलावर ठेवून उभी राहिली. ‘‘वाजवल्या,’’ ती म्हणाली. ‘‘सगळे वाजवत होते.’’

ताईने पुढचा कपडा उचलला, झटकला आणि घडी घातली.